चर्चच्या पियानोवरून आलेले गाणे

देवाच्या स्तुतीसाठी लाभलेला कंठ माणसांच्या प्रेमाची आणि विरहाची गाणी गाऊ लागला, तर ते दान वाया गेले असे समजावे काय? हा प्रश्न ख्रिस्तसभेला नवा नाही. संत ऑगस्टीन ह्यांनी 'कन्फेशन्स' ह्या आपल्या ग्रंथाच्या दहाव्या भागात संगीताच्या मोहाविषयी मोठ्या प्रामाणिकपणे लिहिले आहे. गीतातील आशयापेक्षा गाण्याच्या गोडीनेच मन अधिक हेलावले, की त्यांना अपराध्यासारखे वाटे. तरीही उपासनेतून गायन काढून टाकावे, असे म्हणण्यास ते धजावले नाहीत. गाण्याने माणसाला देवाकडे नेले आहे, हे त्यांनी स्वतः अनुभवले होते.

विसाव्या शतकात हाच प्रश्न अमेरिकेतील कृष्णवर्णीय ख्रिस्ती समाजापुढे अधिक तीव्रतेने उभा राहिला. त्या समाजातील कितीतरी गायक-गायिका चर्चमध्ये घडल्या आणि पुढे व्यावसायिक रंगमंचावर गेल्या. त्यांच्या गायनशैलीला 'सोल' म्हणजे आत्म्याचे संगीत असे नाव पडले. ह्या संगीताच्या इतिहासात एका ध्वनिमुद्रिकेचे स्थान फार वरचे आहे. 'आय नेव्हर लव्हड अ मॅन द वे आय लव्ह यू' हे तिचे नाव. १० मार्च १९६७ रोजी न्यूयॉर्कच्या ॲटलांटिक कंपनीने ती प्रसिद्ध केली. गायिका होती अरेथा फ्रँकलिन, पंचविशीच्या उंबरठ्यावरील एक तरुण स्त्री, एका बाप्टिस्ट धर्मोपदेशकाची कन्या. तबकडीवर अकरा गाणी, सारी मिळून जेमतेम तेहतीस मिनिटांची. त्यांत भक्तिगीत एकही नाही. तरीही ती ऐकणाऱ्याला आपण एखाद्या प्रार्थनासभेत बसलो आहोत असे वाटल्यावाचून राहत नाही. असे का व्हावे, ह्याचा शोध घेताना आरंभीच्या प्रश्नाचे उत्तरही हाती लागते.

आधी रस्ता, मग चर्च

सोल संगीताने चर्चचे गाणे बाजारात नेले, असा आक्षेप त्या काळी अनेक भाविकांनी घेतला. इतिहास मात्र थोडा वेगळा आहे. ज्याला आज 'गॉस्पेल' संगीत म्हणतात, त्याच्या जडणघडणीत टॉमस डॉर्सी ह्या संगीतकाराचा सिंहाचा वाटा होता. हा डॉर्सी मूळचा 'ब्लूज' वाजविणारा. ब्लूज म्हणजे गुलामगिरीचा वारसा सोसलेल्या कृष्णवर्णीयांची सुखदुःखाची ऐहिक गाणी. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात मा रेनी ह्या विख्यात ब्लूज गायिकेला तो पियानोवर साथ करीत असे. १९३२ साली त्याची पत्नी बाळंतपणात वारली आणि नवजात बाळही दगावले. त्या आघातातून त्याने 'प्रेशस लॉर्ड' हे प्रार्थनागीत रचले. शिकागोच्या पिल्ग्रिम बाप्टिस्ट चर्चमध्ये गायकवृंदाची धुरा सांभाळताना त्याने ब्लूजचा ठेका आणि त्यातला हुंदका उपासनेत आणला. अनेक धर्मोपदेशकांना ते प्रथम मुळीच रुचले नाही. दारूच्या गुत्त्यातले सूर देवाच्या घरात कशाला, असे त्यांचे म्हणणे.

म्हणजे जे सूर पुढे चर्चमधून रस्त्यावर गेले, ते आधी रस्त्यावरूनच चर्चमध्ये आले होते. दुःखी माणूस जे गातो तेच तो देवापुढेही गातो. त्याच्यापाशी दुसरे सूर असतात कुठे?

धर्मोपदेशकाची कन्या

अरेथाचा जन्म २५ मार्च १९४२ रोजी टेनेसी राज्यातील मेम्फिस शहरी झाला. तिचे वडील रेव्हरंड सी. एल. फ्रँकलिन १९४६ साली डेट्रॉइट शहरातील न्यू बेथेल बाप्टिस्ट चर्चचे धर्मोपदेशक झाले. त्यांच्या प्रवचनांच्या तबकड्या निघत आणि देशभर खपत. त्यांच्या प्रवचनाचा आरंभ शांत गद्यात होई. हळूहळू आवाज चढे, वाक्ये आखूड होत आणि अखेरीस बोलण्याचेच गाणे होई. समोरचे भाविक प्रत्येक वाक्याला मोठ्याने प्रतिसाद देत. आपल्याकडे लितानीच्या वेळी एकजण संताचे नाव घेतो आणि सारे देऊळ उत्तर देते. तसेच हे, फक्त येथे प्रतिसादाचे शब्द ठरलेले नसत, ज्याच्या अंतःकरणातून जे उमटेल ते तो बोले. हाक आणि प्रतिसाद ही त्या उपासनेची नाडी होती. अरेथाने गाणे शिकले ते ह्या शाळेत.

तिची आई बार्बरा गायिका होती व पियानोही वाजवी. १९४८ साली आई-वडील विभक्त झाले आणि मार्च १९५२ मध्ये, अरेथाला दहावे वर्ष पूर्ण होण्यापूर्वीच, आई हृदयविकाराने वारली. फ्रँकलिन ह्यांच्या घरी महालिया जॅक्सन, क्लारा वॉर्ड, जेम्स क्लीव्हलंड अशा थोर गॉस्पेल कलावंतांचे येणे-जाणे असे. त्यांचे ऐकून ही मुलगी कानानेच पियानो शिकली. बाराव्या वर्षी ती आई झाली. बालपण असे अकाली संपले. १९५६ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, वडिलांच्याच चर्चमध्ये तिने गायिलेली भक्तिगीते ध्वनिमुद्रित झाली. त्या तबकडीतला आवाज वयाला न शोभण्याइतका प्रौढ आहे. तिच्या वाट्याला काय आले होते हे ठाऊक असणाऱ्यास त्याचे नवल वाटणार नाही.

वाट चुकलेली सहा वर्षे

१९६० साली अठरा वर्षांची अरेथा न्यूयॉर्कला गेली आणि कोलंबिया ह्या मातब्बर कंपनीसाठी गाऊ लागली. तिला तेथे आणणारा जॉन हॅमंड हा जाणकार माणूस होता. बिली हॉलिडेला पुढे आणण्याचे श्रेय त्याच्याकडेच जाते. महालिया जॅक्सनने ऐहिक गाणी गाण्याचे आयुष्यभर नाकारले होते. सॅम कुक ह्या लोकप्रिय गॉस्पेल गायकाने आपली पहिली ऐहिक तबकडी काढली तेव्हा भाविक रागावतील ह्या भीतीने 'डेल कुक' असे नाव घेतले होते. अरेथाने मात्र नाव लपविले नाही. उलट १९६१ साली न्यूयॉर्कच्या एका कृष्णवर्णीय वृत्तपत्रात तिच्या नावे एक लेख प्रसिद्ध झाला. गॉस्पेलकडून जॅझकडे जाण्यात प्रभूचा अनादर नाही, अशी त्याची भूमिका होती. तिच्या वडिलांचाही ह्या निर्णयाला पाठिंबा होता.

परंतु कोलंबियाला ह्या आवाजाचे काय करावे हे नीटसे उमगले नाही. कधी जॅझ, कधी संगीतिकांतील जुनी गाणी, कधी व्हायोलिनांच्या ताफ्यात बुडालेली मधुर विरहगीते, असे सारे तिच्याकडून गाऊन घेण्यात आले. त्यातले कित्येक ऐकण्याजोगे आहे. पण कानांना सुखावणाऱ्या त्या सफाईत तिचा स्वतःचा स्वर दबून गेला. सहा वर्षांत एकच गाणे सर्वसाधारण लोकप्रियतेच्या यादीत पहिल्या चाळिसांत आले. १९६६ साल संपता संपता करार संपला.

तेव्हा ॲटलांटिक कंपनीच्या जेरी वेक्सलरने तिला आपल्याकडे घेतले. हा एका ज्यू स्थलांतरिताचा मुलगा. पूर्वी पत्रकार असताना, १९४९ साली, कृष्णवर्णीयांच्या तबकड्यांना व्यापारात दिले जाणारे 'रेस रेकॉर्ड्स' हे अवमानकारक नाव जाऊन 'रिदम अँड ब्लूज' हे नाव आले, ते त्याच्याच सूचनेवरून. अरेथाच्या बाबतीत त्याने ठरविलेली गोष्ट साधी होती. तिला पुन्हा पियानोपुढे बसवायचे आणि चर्चमध्ये गात असे तसे गाऊ द्यायचे. तिच्यात काही नवे भरायचे नव्हते, जे होते त्याच्या आड येणारे तेवढे दूर सारायचे होते.

अलाबामातील एक दिवस

२४ जानेवारी १९६७ रोजी अलाबामा राज्यातील मसल शोल्स ह्या छोट्या गावी, रिक हॉलच्या 'फेम' स्टुडिओत ध्वनिमुद्रण सुरू झाले. त्या काळचे अलाबामा म्हणजे वंशभेदाचा बालेकिल्ला. ह्याच राज्यात, बर्मिंगहॅम शहरी, सप्टेंबर १९६३ मध्ये एका बाप्टिस्ट चर्चमध्ये स्फोट घडवून चार कृष्णवर्णीय मुलींचे प्राण घेण्यात आले होते. अशा भूमीवर एक कृष्णवर्णीय गायिका गोऱ्या वादकांच्या घोळक्यात जाऊन बसली. हे वादक दक्षिणेतच वाढलेले, त्याच मातीतले सूर प्यालेले.

पहिले गाणे रॉनी शॅनन ह्याने लिहिलेले, ध्वनिमुद्रिकेला ज्याचे नाव मिळाले तेच. फसविणाऱ्या पुरुषाला सोडूही न शकणाऱ्या स्त्रीचे ते आर्त निवेदन. आरंभी कुणालाच त्याची लय सापडेना. अरेथा पियानोवर बसली होती. शेवटी स्पूनर ओल्डहमने इलेक्ट्रिक पियानोवर एक छोटीशी, थबकत चालणारी सुरावट वाजविली. साऱ्यांच्या लक्षात आले, की हेच हवे होते. पुढच्या थोड्याच वेळात गाणे पूर्ण झाले.

मग मानवी स्वभाव आडवा आला. दुसरे गाणे अर्धवट असतानाच अरेथाचा पती आणि व्यवस्थापक टेड व्हाइट आणि वाद्यवृंदातील एक वादक ह्यांच्यात शब्दाला शब्द वाढला. दिवसभर मद्यही चालले होते. समेट घडविण्यासाठी रिक हॉल रात्री हॉटेलवर गेला, तो तेथे प्रकरण हातघाईवर आले. पती-पत्नी अलाबामा सोडून निघून गेले. वेक्सलरच्या हाती उरले एक पूर्ण गाणे आणि एक अपुरे.

त्याने ते पूर्ण गाणे काही रेडिओ निवेदकांना ऐकविले. श्रोत्यांकडून मागणी येऊ लागली. पण तबकडीच्या दुसऱ्या बाजूला घालायला गाणे नव्हते आणि गायिकेचा पत्ता लागत नव्हता. अखेर ती न्यूयॉर्कला आली. कॅरोलिन आणि अर्मा ह्या बहिणी सोबत होत्या. अपुऱ्या गाण्यात तिने पियानो आणि ऑर्गन स्वतः वाजवून भरला, मुख्य गायन केले आणि बहिणींसह पाठीमागचे स्वरही गायिले. ते गाणे म्हणजे 'डू राइट वुमन, डू राइट मॅन'. स्त्रीने एकनिष्ठ असावे असे वाटत असेल, तर पुरुषानेही तसेच असावे, हा त्याचा सरळ आशय. मोडलेल्या दिवसाच्या तुकड्यांतून ते उभे राहिले, हे ऐकताना कुणाला कळतही नाही. मसल शोल्सचे वादक न्यूयॉर्कला बोलावून फेब्रुवारीत उरलेले काम पार पडले.

एका शब्दाचे सामर्थ्य

१४ फेब्रुवारी १९६७ रोजी न्यूयॉर्कमध्ये 'रिस्पेक्ट' हे गाणे मुद्रित झाले. मूळ रचना ओटिस रेडिंग ह्या गायकाची, १९६५ सालची. त्याच्या गाण्यात कष्ट करून, पैसा कमवून घरी आलेला पुरुष पत्नीकडे आदराची मागणी करतो. अरेथाने तेच गाणे स्त्रीच्या मुखी घातले, आणि त्याचा अर्थच पालटला. आता मागणी करणारी व्यक्ती जिला आजवर मागण्याचा अधिकारच नव्हता ती होती. कॅरोलिनच्या साह्याने तिने गाण्यात नवी भर घातली. 'रिस्पेक्ट' ह्या शब्दाचे एकेक अक्षर सुटे करून ती उच्चारते. जणू ऐकणाऱ्याला तो शब्द वाचता येत नाही म्हणून शिक्षिका फळ्यावर लिहून दाखवीत आहे. मूळ गाण्यात नसलेला मधला भाग किंग कर्टिसच्या सॅक्सोफोनसाठी रचला गेला.

ह्या गाण्यात बहिणींचे काम लक्ष देऊन ऐकावे. अरेथा एक वाक्य म्हणते, त्या पाठीमागून उत्तर देतात, कधी टोकतात, कधी दुजोरा देतात. न्यू बेथेलमध्ये वडील प्रवचन करीत आणि भाविक प्रतिसाद देत, तोच हा आकृतिबंध. प्रवचनपीठावर आता एक स्त्री उभी आहे, आणि विषय आहे माणसाचा सन्मान.

३ जून १९६७ रोजी 'रिस्पेक्ट' अमेरिकेच्या सर्वसाधारण लोकप्रियतेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचले. ध्वनिमुद्रिका त्याआधीच गाजू लागली होती. तिने दुसऱ्या क्रमांकापर्यंत मजल मारली. त्याच जून महिन्यात मॉन्टेरे येथील महोत्सवात रेडिंगने, एका मुलीने हे गाणे माझ्याकडून काढून घेतले, असे विनोदाने सांगितले. डिसेंबरमध्ये विमान अपघातात त्याचा अंत झाला.

ह्या गाण्याचा काळही विसरता येत नाही. २३ जून १९६३ रोजी डेट्रॉइटमध्ये नागरी हक्कांसाठी लाखाहून अधिक लोकांचा मोर्चा निघाला होता. त्याच्या आयोजकांत रेव्हरंड फ्रँकलिन अग्रभागी होते आणि डॉ. मार्टिन ल्यूथर किंग ह्यांनी तेथे आपल्या सुप्रसिद्ध स्वप्नाचा उच्चार वॉशिंग्टनच्या भाषणाच्या दोन महिने आधी केला होता. जुलै १९६७ मध्ये त्याच डेट्रॉइटमध्ये भीषण दंगल उसळली. त्रेचाळीस माणसे मेली. अशा वर्षी घराघरांतल्या रेडिओवरून एक कृष्णवर्णीय स्त्री सन्मान मागत होती. नवरा-बायकोच्या कुरबुरीचे गाणे लोकांनी नागरी हक्कांचे गाणे म्हणून ऐकले, स्त्रियांनी स्त्रियांचे म्हणून ऐकले. दोघांचेही ऐकणे चुकीचे नव्हते. घरात ज्याला मान नाही त्याला बाजारात तो मिळत नाही, आणि बाजारात ज्याचा अवमान होतो तो घरी येऊन दुर्बलावर राग काढतो, हे आपणही पाहतोच.

विरोधाभास असा, की स्वतः गायिकेला तो सन्मान सहजी मिळाला नाही. तिचा विवाह सुखाचा ठरला नाही. १९६९ साली तो घटस्फोटात संपला. आणि अमेरिकी कायद्यानुसार रेडिओवर गाणे वाजले की मानधन मिळे ते रचनाकाराला, गाणाऱ्याला नव्हे. जगाला सन्मानाची अक्षरे शिकविणाऱ्या त्या आवाजाला रेडिओवरच्या त्या वादनांपोटी छदामही मिळाला नाही.

कठीण भाग

धर्मोपदेशकाच्या मुलीचे कौतुक करताना अवघड जागा वगळून पुढे जाणे बरे नव्हे. ह्या तबकडीवर 'डॉ. फीलगुड' नावाचे एक गाणे आहे. ते अरेथाने पतीसह रचले. ते उघडउघड शरीरसुखाचे गाणे आहे, आणि त्याची चाल मात्र संथ प्रार्थनागीताची आहे. पियानोचे आघात थेट चर्चमधले. भाविकांना ह्याने धक्का बसला असेल, तर त्यांना संकुचित म्हणता येणार नाही. पवित्र गोष्टींसाठी राखलेले पात्र आपण जेवणाच्या पंगतीत वाढायला घेत नाही, आणि तसा संकोच असणे हे श्रद्धेचे लक्षण आहे.

तथापि दुसरी बाजूही विचारात घ्यावी. आपल्या बायबलमध्ये 'गीतरत्न' हा ग्रंथ आहे. तो प्रियकर-प्रेयसीच्या देहाचे, ओढीचे, विरहाचे काव्य आहे. ख्रिस्तसभेने तो धर्मग्रंथातून काढला नाही, उलट संतांनी त्यावर भाष्ये लिहिली. प्रत्येक प्रेमगीत पवित्र होते असा ह्याचा अर्थ नाही. पण माणसाच्या प्रेमाची भाषा आणि प्रार्थनेची भाषा ह्या दोन परक्या भाषा नाहीत, एवढे तरी त्यावरून दिसते.

ध्वनिमुद्रिकेचे शेवटचे गाणे सॅम कुकचे आहे, 'अ चेंज इज गॉना कम'. ज्याने भाविकांच्या धाकाने एकदा नाव बदलले होते, त्याचेच हे न्यायाच्या आशेचे गाणे. डिसेंबर १९६४ मध्ये गोळी लागून तो मरण पावला होता. अरेथा त्याला गॉस्पेलच्या दिवसांपासून ओळखत असे. म्हणून आरंभी ती स्वतःच्या शब्दांत एका जुन्या मित्राची आठवण काढते आणि मग त्याचे गाणे गाते. एका गायकाने दुसऱ्याची साक्ष पुढे नेली. पहिले गाणे सन्मानाचे, अखेरचे आशेचे. मध्ये प्रेम, फसवणूक, एकाकीपण, थोडी मौज. संसारी माणसाच्या आयुष्याचा क्रम ह्याहून फारसा वेगळा नसतो.

चर्च सोडले कोणी?

पाच वर्षांनी, जानेवारी १९७२ मध्ये, कीर्तीच्या शिखरावर असताना अरेथा लॉस एंजलीसमधील न्यू टेम्पल मिशनरी बाप्टिस्ट चर्चमध्ये दोन रात्री केवळ भक्तिगीते गायिली. जेम्स क्लीव्हलंड आणि त्याचा गायकवृंद साथीला होता. क्लारा वॉर्ड श्रोत्यांत होती. 'अमेझिंग ग्रेस' ही ध्वनिमुद्रिका त्यातून निर्माण झाली. दुसऱ्या रात्री वृद्धत्वाकडे झुकलेले रेव्हरंड फ्रँकलिन भाविकांपुढे बोलायला उभे राहिले. अरेथा चर्चकडे परतली असे लोक म्हणत होते. वडिलांनी सांगितले, की तिने चर्च कधी सोडलेच नव्हते.

बापाच्या मायेचे ते बोल म्हणून बाजूला ठेवता येतील. परंतु १९६७ ची तबकडी त्यांच्या बाजूने साक्ष देते. कोलंबियाच्या सहा वर्षांत तिने गायिलेली पुष्कळ गाणी 'डॉ. फीलगुड' पेक्षा सोज्वळ होती. तरीही त्यांत चर्च ऐकू येत नाही. मसल शोल्स आणि न्यूयॉर्कमध्ये गाण्यांचे विषय ऐहिक होते, तरी चर्च तेथे हजर होते. ते पियानोच्या आघातात होते, बहिणींच्या प्रतिसादात होते, आणि खोटे काही गायचे नाही ह्या निर्धारात होते. साक्ष देताना माणूस स्वतःच्या जखमा झाकत नाही, हे तिला प्रार्थनासभेनेच शिकविले होते.

१६ ऑगस्ट २०१८ रोजी डेट्रॉइटमध्ये वयाच्या शहात्तराव्या वर्षी अरेथा फ्रँकलिनचे निधन झाले. आपल्या धर्मग्रामांतही मुले-मुली रविवारी गायकवृंदात गातात, कुणी ऑर्गन शिकते, कुणी व्हायोलिन. उद्या त्यांतले काही लग्नसमारंभांत वाजवतील, नाटक-सिनेमांत गातील, आणि घरातली वडीलधारी माणसे जुनाच प्रश्न विचारतील. त्या वेळी मूल काय गाते हे जरूर पाहावे. पण त्याच्या गाण्यात खरेपणा आहे काय, आणि त्या गाण्याने कुणा दुबळ्याची मान थोडी ताठ होते काय, हेही विचारावे. उत्तर होकारार्थी आले, तर देवाचे दान वाया गेले असे म्हणण्याची घाई करू नये.